तीनशे चौसष्ट

जिल्हा परिषदेच्या तिसऱ्या मजल्यावर
लोणकर भाऊसाहेब माझं वर्ष मोजत होते,
हजेरीपटावर पट्टी आडवी धरून,
ओल्या स्पंजवर बोट टेकवत.
मे. जून. जुलै.
ऑगस्टपाशी त्यांना शिंक आली,
मग पुन्हा मेपासून.

ओजसनं बाँडचे दहा लाख भरले आणि सुटला.
त्याच्या वडिलांचं कर्वे रोडला नर्सिंग होम,
आमचं शुक्रवारात बॅगा-छत्र्या दुरुस्तीचं दुकान.
म्हणून मी घोळखिंडीला गेले.
सेवेची हाक वगैरे काही ऐकू आली नव्हती,
हे आधीच सांगून टाकते.
मला रेडिऑलॉजी हवी होती:
थंड, अंधारी खोली
आणि माणसं फक्त करड्या रंगात.

पानशेतच्या मागं, पाण्याला वळसा घालत
रस्ता जिथं कंटाळतो, तिथं केंद्र.
क्वार्टरमध्ये रात्री प्रश्नसंच सोडवायचे.
सर्पदंश : पुढीलपैकी पहिली कृती कोणती?
आणि दारावर शेवंता सिस्टरची थाप,
"उठा मॅडम. फुरसं का मण्यार, पोराला सांगता येईना."
चार पर्यायांत त्याचा बाप कुठंच नव्हता,
पोटरीला सुतळी करकचून
पोराला पाठुंगळी घेऊन आलेला,
आणि सारखं विचारणारा,
चप्पल बाहेर काढू का.

"सतरा मार्चला सही नाही तुमची,"
भाऊसाहेब म्हणाले.
पट्टीखाली एक पांढरा चौकोन.

सोळाच्या रात्री मी होडीतून पलीकडे गेले होते,
ढेब्यांच्या वस्तीवर.
वंदा, वय एकोणीस, पहिलटकरीण,
बाळाचा हात आधी बाहेर आलेला.
परतीला तिला होडीत आडवी घातली.
नावाडी एरवी शिव्यांशिवाय वल्हं मारत नसे,
त्या रात्री एक शब्द नाही.
आभाळ इतकं स्वच्छ होतं
की मला त्याचा राग आला.
काठावर अँब्युलन्स, मग घाट, मग
खडकवासल्याला उजाडलं.
ससूनच्या जिन्यात नऊ वाजले.
आई वाचली.

"हे कसं लिहायचं इथं?" मी विचारलं.
"किरकोळ रजेचा अर्ज द्या. कारण लिहा, घरगुती."
वाईट नव्हता तो माणूस.
स्वतःचा अर्धा चहा त्यानं माझ्याकडे सरकवला.
मी लिहिलं, घरगुती.
लिहिताना हात अडखळेल वाटलं होतं,
नाही अडखळला.
मग त्यांनी रजेचा तक्ता काढला
आणि चष्मा कपाळावर नेला.
"रजा सगळ्या संपल्यात हो.
हा दिवस बिनपगारी जातो, म्हणजे सेवेतून वजा.
तीनशे चौसष्ट.
एक दिवस भरून या, तोवर प्रमाणपत्र निघत नाही."

प्रवेशफेरीला आठ दिवस होते.

बुधवारी स्वारगेटहून सहाची एसटी.
नवे डॉक्टर अजून रुजू झाले नव्हते.
माझ्या खुर्चीवर कुणीतरी
पोलिओचे रिकामे डबे रचून ठेवलेले.
"एकाच दिवसासाठी?" सिस्टर म्हणाली,
आणि डबे उचलले.

त्या दिवशी काहीच घडलं नाही.
बीपीच्या गोळ्या तिघांना, एक खरूज,
एका पोराच्या कानात मणी.
हिरवा होता. काढल्यावर त्यानं तो परत मागितला,
मी धुऊन दिला.
दुपारी कुणी नाही.
पुस्तक उघडलं, त्याच पानावर ठेवलं.
खिडकीतून होडी दिसत होती, पलीकडे निघालेली,
आत कोण, ते कळण्याइतकी जवळ नव्हती.
तरी मी पाहत राहिले,
ती परत वळते का.

पाचला हजेरीपट समोर आला.
सही जरा मोठी झाली,
शेवटचं अक्षर रेघ ओलांडून
उद्याच्या चौकोनात गेलं.
मी खोडायला लागले तर सिस्टर म्हणाली,
"राहू द्या.
खाडाखोड चालत नाही त्यांना."