पाव मोटर

प्रोग्राम सगळ्यात आधी विचारतो ते हेच:
सीमा कुठं?
मी मोटरच्या तिप्पट अंतरावर एक वर्तुळ काढते
आणि लिहिते, इथं क्षेत्र शून्य.
शून्य नसतंच ते. लांब गेलं की मोजायचं सोडून देतात, एवढंच.
पण कुठंतरी थांबल्याशिवाय गणित सुरू होत नाही,
आणि कुणीतरी रेघ ओढून
पुढचं सगळं शून्य धरणं
बेळगावात जन्मलेल्या माणसाला काय नवं नाही.

उद्यमबागेत, पत्र्याच्या शेडवरचा माळा.
खाली भट्टीतनं ओतीव निघतंय, माळ्याची फळी तापते,
वर मी लोखंडाचे त्रिकोण पाडत बसलेय.
स्टेटरच्या पाठीत ऐसपैस,
दात्यांच्या टोकाशी बारीक,
आणि हवेच्या फटीत तर मोहरीएवढेही नाहीत.
फट अर्ध्या मिलिमीटरची,
पण सगळा जोर तिथंच राहतो.
लोखंड नुसतं वाट देतं.

चार ध्रुव, चारी सारखे,
म्हणून मी पावच मोटर काढली.
कापलेल्या दोन्ही कडांना सांगितलं,
तुमच्या पलीकडं जे असेल
ते तुमचंच आहे, उलट्या चिन्हाचं.
त्यांनी ऐकलं.
वीस मिनिटांत उत्तर आलं, निळं ते लाल,
इरकली काठासारखं नीट विणलेलं.
मी त्याचा फोटो साहेबांना पाठवला.

मोटर हुक्केरीहून परत आली.
पिठाच्या गिरणीचे ईरण्णा कडट्टी फोनवर म्हणाले,
"गुंयगुडतैत्री."
मी म्हटलं, आमच्या चित्रात तसं काही दिसत नाही.
"दिसू नगा की. ऐका."
आणि परत बसवलेल्या जुन्या मोटरीचा आवाज ऐकवला, फरक कळावा म्हणून.
मला काही फरक कळला नाही.

मग अप्पांना स्कूटरवर मागं बसवून आणलं.
चाळीस वर्षं खानापूर रोडला त्यांनी मोटरी भरल्या.
रोटर बाहेर काढून ते स्टेटरात सायकलचा छर्रा सोडायचे,
जपून, थोडाच दाब देऊन,
आणि छर्रा भिंत धरून गरागरा पळायचा.
मी सात वर्षांची. "कोण पळवालंय त्याला?"
"ओढ," म्हणायचे. तेवढाच शब्द होता त्यांच्याकडं.

टेस्टबेंचवर मोटर चालू.
त्यांनी स्क्रू-ड्रायव्हरचं टोक अंगावर टेकवलं,
मूठ कानाला, उजव्या, चांगल्या कानाला.
डोळे मिटले. खालची भट्टी, कॉम्प्रेसर, पोरांची ओरड,
सगळं बाजूला सारत गेले असावेत.
"एका अंगाला ओढालंय," म्हणाले. "रोटर मधी नाही."

जिन्यावरच मला कळलं.
माझ्या पाव तुकड्यात एक अंग दिसणारच नव्हतं.
एक अंग दिसायला
दुसरं काढावं लागतं.

त्या रात्री आख्खी मोटर काढली, पूर्ण गोल,
रोटर केसभर सरकवलेला.
साडेचार लाख त्रिकोण.
दोनला लाइट गेली, यूपीएस कोंबडीच्या पिलासारखा ओरडत राहिला,
आकडा हट्टानं खाली उतरत होता,
मधेच वर चढत होता, पुन्हा उतरत होता.
शिवलीलानं बैलहोंगलहून आणलेली भाकरी मी टेबलावरच खाल्ली,
शेंगाचटणी कीबोर्डात सांडली, ती अजून आहे.

सकाळी डावी बाजू लाल, उजवी फिकी.
बेअरिंगचं घरच वाकडं कापलेलं.
ईरण्णांना फोन केला: दिसलं.
"हां," म्हणाले, एवढंच.

अप्पांना चित्र दाखवलं.
रेषा एकेक करून बोटानं फिरवत गेले,
लोखंडातनं फटीत, फटीतनं लोखंडात,
जिथनं निघाल्या तिथंच परत.
एकीचंही टोक सापडलं नाही. ते त्यांना आवडलं.
मग बोट बाहेरच्या वर्तुळावर थांबलं.
"आणि ह्याच्या पलीकडं?"
"शून्य धरलंय."
"कुणी?"
"मीच."
चष्मा पुसून
त्यांनी ती रेघ पुन्हा एकदा बघितली.