एक काना

यादीत चूक आहे, असं ओव्हिदिओचं म्हणणं.
ला पाझहून आलेला पोरगा, गळ्यात ओळखपत्र,
पोतोसीच्या गारठ्यात बोटं कापलेले हातमोजे घालून टंकणारा.
खाणशाळेची जुनी उपकरणं मोजायला
त्याला दिलेत नऊ दिवस.

कपाट चौथं, फळी दुसरी, नग एक:
व्होल्टामीटर.
त्याने ते व्होल्टमीटर केलं आणि पुढे सरकला.
त्याच्या भाषेत 'आ' जाऊन 'ई' आली,
आपल्या लिपीत नुसता काना गळाला असता.
चूक तीच.

फेलिसिदाद चोकेविल्का मागे उभी होती,
एकतीस वर्षांच्या किल्ल्या कमरेला,
बोटांच्या टोकांवर सिल्व्हर नायट्रेटचे काळे डाग,
जे साबणाने जात नाहीत, कातडीबरोबर जातात.
म्हणाली, ते पूर्ववत कर.

व्होल्टमीटर विचारतो, आत्ता जोर किती?
काटा हलतो, उत्तर मिळतं,
बटण मिटलं की काटा विसरतो.
हा दुसरा तसा नाही.
हा सगळं अंगावरून जाऊ देतो
आणि मग तराजूत बसतो.

जगाने गोंधळ नको म्हणून याला कूलोमीटर म्हणायला घेतलं.
बातमी इथवर आली होती.
चिठ्ठी कोणी बदलली नाही.

पोरगा हसला. मग तिने वाटीच काढली,
प्लॅटिनमची, ओंजळीत मावेल एवढी.
रिकामी तोलली, आकडा खडूने फळ्यावर.
वाटीत क्षाराचं पाणी, वरून चांदीची कांडी,
कांडीला गाळणकागदाची लंगोटी,
सुटा कण खाली पडून हिशेब बिघडू नये म्हणून.
एक अँपिअर. अर्धा तास.
खिशातून कोकाची पानं काढून गालात धरली
आणि खिडकीकडे पाठ करून बसली.
खिडकीत तोच डोंगर,
ज्याच्या पोटातून आली असेल
ही कांडीसुद्धा.

माझा बाप, एलेउतेरिओ. ड्रिलवर होता.
दवाखान्यात डॉक्टरने त्याचा फोटो उजेडाला धरला,
छातीत पांढरं बसलेलं.
किती वर्षं खाणीत?
सतरा, बाप म्हणाला.
डॉक्टरने पुन्हा फोटो पाहिला.
पंचविसाच्या खाली नाही, म्हणाला.
बाप बराच वेळ टोपी फिरवत राहिला.
सतरा कंपनीच्या वहीतली होती.
त्याआधीची,
नऊ वर्षांचा पोर चुलत्यामागून दिवा धरून चालायचा ती,
कुठल्याच यादीत नव्हती.
त्याने स्वतःही ती धरली नव्हती.
छातीने धरली होती.

मधे चहा झाला. ओव्हिदिओने दोनदा घड्याळ पाहिलं,
तिसऱ्यांदा पाहिलं नाही.

वेळ भरली. तिने वाटी धुतली,
हलक्या हाताने, बाळाचं डोकं धुवावं तशी,
वाळवली, तोलली.
दोन ग्रॅम आणि वर शतांश एक.
तळाला खरखरीत पापुद्रा,
विजेचा, असं म्हणावं तर म्हणता येईल.
वीज केव्हाच गेलेली.

एके काळी, ती म्हणाली,
अँपिअर म्हणजे काय हे जगाला
अशाच वाटीला विचारावं लागे.

ओव्हिदिओने 'ई' खोडली, 'आ' टंकला.
किंमत या रकान्यात प्लॅटिनमचा भाव भरू लागला,
मग थांबला, तो रकाना तसाच सोडला.
शब्दाखाली लगेच तांबडी नागमोडी रेघ उमटली,
असा शब्द नाही म्हणणारी.

राहू दे, फेलिसिदाद म्हणाली,
आणि कपाटाला कुलूप घालताना
किल्ली नेहमीसारखी अडकली.