आत की बाहेर

विट्यात, खानापूर रोडला, माझं दुकान.
पाटीवर 'खटावकर टेलर्स', खाली बारीक अक्षरांत
'उसवणे, आखूड करणे, चेन बसवणे'.
पिस्तुलासाठी पँट शिवायची
हे पाटीवर कधी नव्हतं.

जालंदर शेट मार्चात आला, सेलमहून.
तिकडं त्याची गलाईची भट्टी. दिवसभर चांदी आटवायची,
पहाटे तीनला कुलूप.
त्या तीनच्या सुमाराला एकदा कुणीतरी
मानेवर काहीतरी गार टेकवलं.
काय होतं, त्यानं वळून पाहिलं नाही.
पुढं दोन वर्षं दाखले, फोटो, सह्या,
आणि आता हे. बत्तीस बोअर.
पाऊण किलो, म्हणाला, जसं पेढ्यांचं सांगावं.

मी विचारलं, सगळ्यांनाच विचारतो ते:
"शर्ट आत घालता का बाहेर?"
बराच वेळ तो आरशात बघत राहिला.
"आत. दिसू दे की.
दिसल्यावर कोण जवळ येतंय?"
पट्ट्याच्या लुप्या मी दुहेरी शिवल्या,
वजनानं उसवू नयेत म्हणून.

खरंच कुणी जवळ आलं नाही.
चहाच्या टपरीवर तो बसला की बाकडं मोकळं.
न्हाव्यानं वस्तरा इतका हलका धरला
की निम्मी दाढी तशीच राहिली.
सोपान, जो चौथीपासून त्याला जाल्या म्हणायचा,
एका सकाळी 'अहो जालंदरराव' झाला.
एका लग्नात नवरीच्या मामानं हात जोडले:
फोटोपुरतं जरा मागं उभं राहता का?
एक पोरगा तेवढा रोज मागं मागं.
"काका, कधी वाजवणार?"

जूनमध्ये परत आला.
"बाहेर काढा शर्ट. सफारीच शिवा, ढगळ.
कळायला नको."
आता ते पँटीच्या आत, पोटाला लागून.
कंबर साडेछत्तीस धरली.
अस्तराला मांजरपाट लावला,
घासून घासून कापड झिजतं.
आरशात काही दिसेना. आम्ही दोघांनी
पुढून बघितलं, बाजूनं बघितलं.

पण विटं ते केवढं.
आधी लोकांना कळायचं कुठं बघू नये.
आता तेही कळेना.
आणि त्याचं कोपर सारखं कमरेला चाचपून यायचं,
पडलेल्या दाताच्या जागी जीभ जाते तसं.
धाकट्या लेकीला तो डाव्याच कडेवर घ्यायचा.
तिनं विचारलं म्हणे,
"पप्पा, तिकडं कोण बसतं?"
हे त्यानंच मला सांगितलं.
सांगून हसला. मी मशीन चालू केलं.

मग निवडणूक लागली.
हत्यार ठाण्यात जमा, हातात गुलाबी पावती.
दिवाळीची पँट घेऊन त्याच आठवड्यात आला.
मी टेप फिरवला: चौतीस.
वहीत मागच्या पानावर साडेछत्तीस.
पेन्सिल कानामागून काढली, परत ठेवली.
"शेट, कोणतं धरू?"

"निकालानंतर देतील की परत."
थोड्या वेळानं, "निकाल कधी आहे?"
"बारा दिवस आहेत अजून."
"बारा," म्हणाला.
हात सवयीनं कमरेला गेला,
तिथं नुसता हात होता.

तेवढ्यात रस्त्यावरनं सोपान ओरडला,
"ए जाल्या! येतोस का च्याला?"
तो दचकला. दचकून हसला
की हसून दचकला, सांगता येत नाही,
मला आरशात उलटं दिसतं.

गेल्यावर मी कापड पसरलं. खडू, कात्री.
चौतीसनं कापली.
आत दोन्हीकडं सव्वा-सव्वा इंच माया ठेवली.
लागली तर उसवून सोडता येते.
नाही लागली तर शिवणीत तशीच राहते, दुमडलेली,
धुण्यात, इस्त्रीत,
कापड विरेपर्यंत.