इतर

उदगीर तहसीलच्या भिंतीला लागून माझं टेबल,
आखूड पायाखाली कवेलूचा तुकडा.
धुरपताबाई आली.
म्हणाली, झोपेचा अर्ज लिव्हा.

शेजाऱ्यानं भिंतीला खेटून गिरणी टाकलीया,
लाईट रातीची, मग दळणबी रातीचं.
उतरंडीची गाडगी नाचत्यात,
डोळ्यांवर पीठ बसतंय.

मी छापील नमुना उलटापालटा केला :
वारस, रेशन, निराधार, पाणंद…
झोप कुठंच नाही.
तळाला ‘इतर’, बोटभर जागा.

मग उगीच शहाणपणा केला :
बाई, घटनेत याद्या असतात.
पोलीस, बाजार, स्मशान राज्याकडं.
रेल्वे, टपाल, नाणी दिल्लीकडं.
काही सामाईक, बांधावरच्या बोरीसारखं.
आणि कुठल्याच यादीत नाही, ते उरलंसुरलं
दिल्लीचं.

ती हसली नाही.
मंजी माझी झोप दिल्लीची?
मग तितं कोन झोपतंय तिच्यावर?

पेन थांबलं.

सातबाऱ्यावर हीर लिव्हली, लिंब लिव्हला.
लिंबाची सावली कोन लिव्हली वो?
तरी बसतावच की.

तीस वर्षं अर्ज लिहितोय,
‘विनंती’शिवाय वाक्य सुरू होत नाही माझं.
आज ‘इतर’मध्ये बारीक अक्षरात लिहिलं :
अर्जदाराची झोप कुठंही नोंदलेली नाही.
नोंदलेली नाही,
म्हणजे कुणाला दिलेलीही नाही.

दहाचं तिकीट उलटं चिकटलं. राहू दिलं.

आवक खिडकीतून एक्केचाळीस पुकारला.
टोकन मुठीत धरून
बाई लिंबाखाली आडवी,
तोंड उघडं, घोरतेय.

पुन्हा पुकारलं, एक्केचाळीस.
मी मान वर केली नाही.