यूगेत साराझँ, तीनशे मीटर

डब्यावर तिचं नाव नाही.
नायिकेचं असतं, आणि गोदामाचा नंबर.

माझं काम साधं: हातमोजे घालायचे,
रीळ उलगडायचं, फाटक्या भोकांना ठिगळ,
व्हिनेगरचा वास आला की वहीत लाल खूण.
अशीच एका मंगळवारी ती दिसली,
दार उघडताना.
गुरुवारी दुसऱ्या सिनेमात, पुन्हा दार उघडताना.
‘मादाम घरी नाहीत.’
मादाम घरी असतात. आपल्याला माहीत असतं.
तिलाही; म्हणून ती ते वाक्य
जरा जास्तच सावकाश म्हणते,
चुलीवरच्या दुधाकडे एक डोळा ठेवल्यासारखी.

मग मी शोधत गेले.
पगाराच्या जुन्या वह्यांत सापडली: साराझँ, यूगेत.
गाव रूबे. बाप सूतगिरणीत.
सदतीस ते अठ्ठावन्न,
मोलकरीण अकरा वेळा, नर्स सहा, टेलिफोनवाली चार,
एकदा प्रेत.
प्रेताचे जादा पैसे मिळाले,
मार्न नदीचं पाणी मार्चमध्ये बर्फासारखं असतं.
आणि अक्षर सुरेख म्हणून
नायिकेची प्रेमपत्रं लिहिणारा हात हिचा.
त्या पत्रांवर थिएटरंच्या थिएटरं रडली.
अंगठ्याशी भाजल्याचा डाग आहे, नीट बघा.
नायिकेला तो नव्हता.

मधली दोन पानं कोरी. युद्ध.
त्याबद्दल मी बोलणार नाही; मला माहीत नाही.

शेवटच्या सिनेमात रेल्वे स्टेशन.
ती मागे बाकावर, मांडीवर टोपली, टोपलीत कोंबडी.
पुढे दोघांचा निरोप चाललाय,
चाललाच आहे, गाडी काही सुटत नाही,
आणि कोंबडी सुटते.
हे कुणी लिहिलेलं नसणार.
ती हसते. वाकून, पोट धरून,
समोरचा अर्धा तुटका दात उघडा टाकून
जो तिने एकवीस वर्षं
मिटल्या ओठांआड सांभाळला होता.

सगळं मोजलं. तीनशे मीटर, अकरा मिनिटं.
एका डब्यात मावेल.
तसं करायची परवानगी नाही.

रूबेला फोन लावला. भाची निघाली, लिझिआन.
‘आत्या? सिनेमात? छे हो,
ती पॅरिसला शिवणकाम करायची.
नंतर इथे बटणांचं दुकान होतं तिचं.’
मी दाराचं सांगितलं, हाताचं, नदीचं.
ती नुसतं हं, हं.
मग कोंबडीचं सांगितलं.
पलीकडे बराच वेळ काही नाही.

‘कुठल्या रंगाची?’

सिनेमा काळा-पांढरा आहे, मी म्हटलं.

‘तांबडी असणार,’ ती म्हणाली.