पावतीची पाठ

सेलूच्या तहसीलसमोर, झेरॉक्सच्या दुकानाला टेकून
माझं टेबल.
केवळबाई गिराम आली ती दुपारी दोनला,
शाळेतली खिचडीची भांडी घासून,
नखांत अजून हळद.

म्हणाली, गादी घेतली. चुंबकाची.
मंगल कार्यालयात बोलावलं होतं समद्यांला,
स्टीलची वाटी फुकट, चहा, वर पंखे.
टायवाला पोरगा म्हणला, मावशी,
तुमच्या पाठीत रक्त साकळलंय.
मला आजवर कुणी पाठीचं इचारलं नव्हतं, भाऊ.
मनून सही केली.

साडेअठरा हजार. तीन भरलेले, बाकी हप्त्यानं.

मी पावती उलटी केली.
समोरून सगळेच वाचतात,
तिथं रक्कम असते, शिक्का असतो, गणपती असतो.
मागं मुंग्यांची रांग चालावी तशी अक्षरं.
चष्मा कपाळावरून खाली घेतला.
कलम अकरा :
तीस दिवसांच्या आत, कारण न देता,
खरेदी रद्द करता येईल.

कारण न देता. बोट ठेवून दाखवलं.
ती म्हणाली, कारण हाय की पण.
मालक बोलत्यात, सून हसती, पाठ हाय तशीच हाय.
म्हटलं, ते लिहायचं नाही.
का नाही?
विचारणारच नाहीत म्हणून.
हे तिला काही पटेना.
कारण सांगितल्याशिवाय तिनं
माहेरीसुद्धा कधी जादा मुक्काम केला नव्हता.

कितवा दिवस आज?
तारीख आठवेना, जेवण आठवलं.
गादी आली तवा मटकी शिजवली होती.
मग मटकीवरून वरण, वरणावरून वाटाणा,
मध्ये दोन रविवार की तीन, एक पोळ्याची सुट्टी,
असं करत सत्ताविसावा निघाला.

प्लास्टिक फाडलं?
नाई. पाव्हणे आल्यावर फाडू म्हणलं.
एक रात झोपले तशीच वरून.
कूस बदलली की अख्ख्या घराला कळायचं.

मी कागद चढवला.
महोदय, खाली सही करणार मी…
आणि तिला सांगत गेलो : रजिस्टरनं पाठव,
पोच आली की डब्यात ठेव,
नक्कल माझ्याकडंही राहू दे.
नुसता फोन करू नकोस,
फोनवर तो पोरगा पुन्हा पाठीचं विचारेल.

'रद्द' लिहिताना बोट अडलं.
जोडाक्षराची ती कळ जुनीच, चिकटते.

याच मशीनवर, बारा वर्षांमागं,
हक्कसोडपत्र टाइप केलं होतं. वनमालाचं.
माझ्या बहिणीचं, माझ्याच नावे.
दिवाळी संपून रजिस्ट्री उघडली त्या सोमवारी
जिंतूरहून पहिल्या एसटीनं आली, डब्यात चकल्या घेऊन.
'स्वखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय'
मी लिहिलं, नेहमी लिहितो तसं,
हात आपोआप चालतात त्या ओळीवर.
सही करून तिनं पेनाला टोपण लावलं,
नीट, टक् वाजेपर्यंत.
आणि म्हणाली, दादा,
याला किती दिवस असतात?

मला वाटलं, नक्कल मिळायचं विचारते.
म्हणालो, आठ.

आठव्या दिवशी तिचा फोन आला.
मी म्हणालो, नक्कल तयार आहे.
ती बराच वेळ काही बोलली नाही,
मागं कुणीतरी कुकरच्या शिट्ट्या मोजत होतं.
मग म्हणाली, बरं.

केवळबाईनं सही केली सावकाश,
'ळ'ला दोनदा गाठ मारून.
चाळीस झाले. तिनं पिशवीतून नाणी मोजली.
पोस्टात तीननंतर रजिस्टर घेत नाहीत, म्हटलं, पळ.
पाठीला एक हात लावून ती पळालीसुद्धा.

गिऱ्हाईक नव्हतं.
कोरा कागद चढवला. तारीख टाकली.
सवयीनं 'प्रति' टाइप झालं, मग तिचं नाव, मु. पो. जिंतूर,
सवयीनंच खाली 'विषय',
आणि दोन टिंबं.