जादा एक

ह्या खेपेची पेटी उचलतानाच हलकी वाटली.
झाकण काढलं. गोळ्या करड्या, मळकट,
अंगावर लाखेचा पातळ हात.
चुंबक धरला, तर टक्कन् चिकटली एक.
साहेब म्हणाले, रत्नप्रभाबाई, स्वस्तात मिळाल्यात,
सरावालाच तर उडवायच्यात.

मी जिल्ह्याच्या शस्त्रागारात एकोणीस वर्षं,
आणि त्याआधी जन्मापासून तांबटाच्या घरात.
शनिवार पेठेत आमची सकाळ व्हायची हंड्यावरच्या ठोक्यानं.
बाप सांगायचा, पितळ समजूतदार.
ताप आला की फुगतं, भिंतीला टेकतं,
निवलं की आपलं आपण मागं सरतं.
लोखंड ताठ. टेकायचं नाही, सरायचं नाही.
पिस्तूल त्यानं जन्मात हातात धरलं नव्हतं.

"पितळ उघडं पडलं" कुणी म्हटलं की चिडायचा:
उघडं पडल्यावर पितळच निघालं ना?
मग रडताय कशाला?

बोरणे घाटाच्या पायथ्याला फायरिंग.
वारा असा, की निशाणाचे कागद
दगडाखाली दाबून ठेवावे लागले.
तिसऱ्या लेनवर नवी पोरगी, काजल इथापे.
चौथ्या मॅगझिनला तिचं पिस्तूल मुकं झालं.
नळी समोरच्या बांधाकडं, बोट बाहेर, डावा हात वर,
शिकवलेलं सगळं नीट केलं तिनं,
फक्त हनुवटी थरथरत होती.

मॅगझिन उतरवलं. स्लाइड ओढली, जोर लावून.
आकडी कडेवरून निसटलेली
आणि पुंगळी आत बसलेली,
मांडवात रुसलेल्या आत्यासारखी.
पुढून गज घातला, तळहातानं ठोकला.
बाहेर आली ती एका अंगानं काळीकुट्ट;
धूर मागं फिरला होता तिच्या कडेनं.
काजळी, मी म्हणाले. तुझ्याच नावाची.
तेव्हा कुठं हसली.

एक मात्र कबूल. वेचायला सोपं.
फुटक्या स्पीकरचा चुंबक दोरीला बांधला
आणि गवतातनं ओढत नेला कुळवासारखा.
सहाशे उडवल्या, सहाशे गोळा,
वर दोन खिळे आणि बैलाची अर्धी नाल.
पूर्वी अख्खी प्लॅटून गुडघ्यांवर रांगायची.

आणि चुंबक ज्याच्यावरनं नुसताच निघून गेला
ते माझ्या बुटाला लागलं.
मातीनं खाल्लेलं, हिरवट,
पण पितळ.
बुडाच्या शिक्क्यावर साल वाचता येत होतं.

त्या सालचा शेरा मला पाठ आहे.
पुंगळी एक कमी. हवालदार लेंभे जबाबदार.
तीन दिवस ते ह्याच उतारावर चाळण घेऊन बसले होते.
मग त्यांची वेतनवाढ थांबली,
मग त्यांचं बोलणं.

रात्री पिस्तूल उघडलं.
चेंबर तीनदा पुसला, तरी चिंधी काळीच येत राहिली.
आकडीचा कोपरा झिजलाय,
अंगठ्याच्या नखाला कळतं.
रजिस्टरमध्ये लिहिलं: उडवल्या सहाशे, जमा सहाशे.
आकडी बदलावी. हा माल पुन्हा घेऊ नये.
जादा एकसाठी रकानाच नाही.

कोरेगावला फोन लावला.
सांगून झालं, आणि बराच वेळ
त्यांच्या बाजूनं नुसता रेडिओ ऐकू येत राहिला,
बाजारभाव, हळद, घेवडा.
मग म्हणाले, "पिवळी हाय का अजून?"
मी म्हटलं, चिंच लावली तर होईल.
"नगं," म्हणाले. "घासू नगा.
हाय तशीच दावा साहेबास्नी."